कोर्ट उठेपर्यंत

"मग, झाली का चर्चा?" न्यायमूर्तीबाईंनी चष्मा काढून विचारलं, आणि मागच्या बाकांवर हसू फुटलं.

मोठं नव्हतं ते हसू. कंटाळलेल्या माणसांना फुकट मिळालेलं आणि लगेच आवरलेलं. पण उपसंचालकाच्या कानाच्या पाळ्या तापल्या. इतक्या वर्षांत त्याच्या तोंडावर कुणी हसलं नव्हतं. पाठीमागे हसत असतील. साहेब झाल्यावर माणूस पाठीमागचं ऐकायचं सोडून देतो. बाईंच्या पुढ्यात त्याच्याच ऑफिसची फाइल उघडी होती आणि त्यांचं बोट समासातल्या दोन शब्दांवर टेकलेलं होतं. 'चर्चा करावी.' खाली त्याची सही. "कुणाशी करायची होती?" "आस्थापना शाखेशी, मॅडम." "आले होते ते?" "नाही." "तुम्ही बोलावलंत?" सरकारी वकील उगाचच खाकरला. "नाही, मॅडम," तो म्हणाला. खोटं बोलता आलं असतं. पण त्या क्षणी खोटं सुचायलासुद्धा त्याला कुणाशी तरी चर्चा करावी लागली असती.

प्रकरण तसं साधं होतं. टेकडीवरच्या लांबच्या आरोग्य केंद्रात एक नर्स. नवरा अपघातात गेलेला. मुलीला दमा, टेकडीवरच्या धुक्यात तिला श्वास पुरेना, म्हणून मुलगी शहरात आपल्या मोठ्या बहिणीकडे ठेवलेली. नर्सनं शहरात बदली मागितली, खात्यानं दिली नाही, ती कोर्टात गेली, आणि कोर्टानं सांगितलं: सहा आठवड्यांत बदली द्या. हे झालं तेव्हा उपसंचालकाच्या खुर्चीत दुसराच कुणी होता. तो निवृत्त झाला, मग हा आला. फाइल आली. कायदा शाखेनं जिल्ह्याचे अभिप्राय मागवले, जिल्ह्यानं वरून मार्गदर्शन मागवलं, आणि वर म्हणजे हाच होता. यानं लिहिलं, 'चर्चा करावी.' त्यानंतर त्या फाइलवर दोन पावसाळे गेले. अवमानाची नोटीस आली तेव्हा पहिल्यांदा त्यानं पाहिलं, की हुद्द्याखाली त्याचं नाव टाइप केलेलं आहे. जातीने हजर राहावे.

"आदेश काल संध्याकाळी काढलाय, मॅडम," सरकारी वकील म्हणाला. "प्रत जोडली आहे. बिनशर्त माफीचं प्रतिज्ञापत्रही आहे."

"काल निघाला," बाई म्हणाल्या. "म्हणजे निघण्यासारखा होता." मग त्यांनी काही तरी लिहिलं, आणि वर न बघता म्हणाल्या, "माफी वाचली. तुम्ही कोर्ट उठेपर्यंत इथंच बसायचं. ही शिक्षा आहे. तशी नोंद होईल. फोन बंद करा."

वकिलानं त्याच्या कोपराला धरून मागे नेलं. "सुटलात, साहेब," तो कानाशी पुटपुटला. "मागच्या महिन्यात पाणीखात्याच्या साहेबाला तीन दिवस आत घातलं बाईंनी. बसा निवांत." आणि तो दुसऱ्या कोर्टात दुसऱ्या कुणाला तरी सोडवायला निघून गेला.

निवांत. दाराजवळच्या शेवटच्या बाकावर एकच जागा होती. बसल्यावर त्याच्या लक्षात आलं, की शेजारी ती नर्सच आहे. सकाळी ती आपल्या वकिलाशी बोलत असताना त्यानं तिला पाठमोरी पाहिलं होतं. दोघांमध्ये तिची कापडी पिशवी होती. तिनं ती उचलून मांडीवर घेतली, त्याला ऐसपैस बसता यावं म्हणून. ते त्याला हसण्यापेक्षा जास्त लागलं.

डोक्यावरचा पंखा एका फेरीत एकदा कुरकुरत होता. पुढचं प्रकरण सुरू झालं होतं, भिंतीचं की गटाराचं. त्याचा हात सवयीनं खिशातल्या फोनकडे गेला आणि परत आला. रिकामं बसायची त्याला सवय राहिलेली नव्हती. ऑफिसात तो कधी रिकामा नसे; कामही नसे असे कितीतरी तास असत, पण रिकामा नसे. सह्या असत. सही करताना माणसाला आपण काही तरी करतो आहोत असं वाटतं. सकाळी बायकोनं कपाटासमोर उभं राहून विचारलं होतं, "कोर्टात कुठला शर्ट घालतात हो?" आणि मग स्वतःच म्हणाली होती, "निळा घाला. निळ्यात तुम्ही गुन्हेगार वाटत नाही." दोघंही हसले होते. आता त्या निळ्या शर्टाची कॉलर ओली होऊन मानेला चिकटली होती, आणि त्याला वाटलं, आपण कशातही गुन्हेगार वाटत नाही, हीच तर गंमत आहे. काल संध्याकाळी ऑफिसात जे झालं ते त्याला आठवलं. आदेश काढायचा म्हटल्यावर आग लागावी तशी फाइल धावली होती. आस्थापनेचा प्रमुख स्वतः टाइप करायला बसला, कायदा शाखेनं उभ्याउभ्या वाचून मान हलवली, शिक्का आला, जावक क्रमांक पडला. टेबलावरचा चहा प्यायला घेतला तेव्हा तो अजून कोमट होता. काम झाल्याचं समाधानही वाटलं होतं त्याला! पोरांना शाबासकी दिली होती. बाईंचं वाक्य आता कुठे उतरत होतं. निघण्यासारखा होता.

मग 'चर्चा करावी' का लिहिलं, हे आठवायला तो बसला. दुसरं काही करण्यासारखं नव्हतंच. तो दिवस कुठला होता? त्याच सुमारास त्याच्या आईला दवाखान्यात ठेवलं होतं. पण नाही, ते त्या आधी. मुलगी लग्न करून दूरदेशी गेली, घर अंगावर यायला लागलं, ते दिवस? तेही नव्हेत, ते नंतर. तो एखाद्या पाकीटमारासारखा आपल्याच आठवणींचे खिसे चाचपत राहिला. कुठे तरी एखादं दुःख सापडावं, निदान एखादी डोकेदुखी, भांडण, वरून आलेला फोन. कुणी तरी सांगितलेलं असावं, की ह्या बाईची बदली करू नका. तिच्याबद्दल आपला राग असावा. रागसुद्धा चालला असता. राग धरायला आधी माणूस बघावा लागतो, फाइल वाचावी लागते. त्याला फक्त एक दुपार दिसली. खिडकीचा पडदा अर्धा ओढलेला, समोर फाइलींचा गठ्ठा, आणि त्यातल्या प्रत्येकीवर काही तरी लिहून ती टेबलाच्या डाव्या बाजूनं उजवीकडे सारायची. काहीच नव्हतं त्या दुपारी. बरी गेली होती ती दुपार. घरी जाऊन तो कदाचित बायकोशी एखादा विनोदही बोलला असेल.

आणि हाच हात. त्यानं गुडघ्यावरचा उजवा हात पाहिला. तो डॉक्टर होता, हे आता लेटरहेडवर छापलेलं तेवढं उरलं होतं. पण पहिल्या नेमणुकीच्या गावी, नदीपलीकडच्या केंद्रात, एक बाळंतीण त्याच्यासमोर रक्तानं वाहून चालली होती, तेव्हा ह्याच हातानं क्षणाचा विचार केला नव्हता. हात आत घालून, मूठ वळून, दुसऱ्या तळव्यानं पोट वरून दाबत तो तसाच राहिला होता. जीप येईपर्यंत, जीप नदीवरच्या फरशी पुलावरून पलीकडे जाईपर्यंत, तिच्या शेजारी गुडघे मोडून. हाताला मुंग्या आल्या, मग हात आपला आहे की नाही तेही कळेना. बाई वाचली. तिच्या सासूनं त्याच्या मनगटावर कपाळ टेकवलं होतं. तेव्हा तो सत्तावीस वर्षांचा होता आणि त्याला वाटलं होतं, आता आयुष्यभर आपण असेच असू. कुठे बदललं ते? एका दिवसात काही होत नाही. रक्त दिसायचं थांबलं, एवढंच. माणसं कागदावर आली, आणि कागद भळभळत नाही. कागदाला घाई नसते. कागदावरचं मूल वाढतही नाही. जेवढ्या वयाचं लिहिलंय तेवढंच राहतं.

"मुलगी केवढी आहे?" त्यानं एकदम, हलक्या आवाजात विचारलं.

तिनं दचकून पाहिलं. पट्टेवाल्यानं ओठांवर बोट ठेवलं. 

जेवणाच्या वेळेला न्यायमूर्तीबाई उठल्या, सगळे उठले. तोही उठला आणि पट्टेवाल्याला म्हणाला, "कोर्ट उठलं ना?"

"जेवायला उठलं, साहेब," पट्टेवाला म्हणाला. "तसं उठलं नाही. तुम्ही बसा."

खोली रिकामी झाली. ती बसून राहिली होती; निकालाची नक्कल तिला संध्याकाळी मिळणार होती. पिशवीतून डबा काढून तिनं झाकण उघडलं, झाकणात थोडं वाढलं आणि ते बाकावर दोघांच्या मध्ये ठेवलं. "घ्या, साहेब. तुम्हाला बाहेर जाता येणार नाही."

"नको, नको."

"घ्या हो. उपाशी माणसाशेजारी बसून मला जेवता येत नाही. वॉर्डातली सवय." मग खाली बघत ती म्हणाली, "सात पूर्ण झाली. तुम्ही विचारलंत ना. ठेवली तेव्हा बोबडं बोलायची."

त्यानं घास घेतला. तोंडात तो फिरत राहिला. ती बोलत होती, तक्रारीच्या सुरात नव्हे, केस पेपर वाचून दाखवावा तशी. "चिऊ म्हणतो आम्ही तिला. ताईला मूलबाळ नाही. तिनं जीव लावला, खोटं कशाला बोलू! मी महिन्यातून एकदा यायची. घाट बंद असला की तेही नाही. आधी मी निघाले की रडायची. मग रडायची थांबली. मला वाटलं, समजूत आली. गेल्या खेपेला शेजारची पोरगी खेळायला आली होती, तिला सांगत होती, ही माझी आई, पाहुणी आलीये." ती किंचित हसली. "ताप आला की तिला माऊ लागते. मावशीची माऊ. रात्री कण्हते तेही माऊ म्हणूनच. मी नर्स, साहेब. दुसऱ्यांच्या पोरांचे ताप काढते मी."

"आता येता येईल तुम्हाला," तो म्हणाला. त्याला स्वतःचा आवाज ऑफिसातला वाटला.

"येईन ना. आदेश आहे. नाही आले तर माझ्यावर अवमान." तिनं डबा बंद केला. "पहिल्यांदा कोर्टानं सांगितलं तेव्हा मी सगळ्या केंद्रात पेढे वाटले होते. सामान बांधून ठेवलं होतं. मग एकेक भांडं लागायला लागलं, तसं सोडत गेले. तुमच्या ऑफिसात दोनदा येऊन गेले मी. बाहेरच्या बाकावर बसवलं. तुम्ही दारातून जाताना माझ्याकडे पाहिलंत आणि मान हलवलीत. मला वाटलं, ओळखलंत."

त्यानं ओळखलं नव्हतं. तो सगळ्यांनाच मान हलवायचा. बाहेरच्या बाकावरच्या माणसांना नुसती मान हलवून पुढे जायचं, म्हणजे ती आशेनं गप्प बसतात, हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं. आपोआप आलं होतं. माफ करा म्हणावं असं त्याच्या मनात आलं. पण माफी तर सकाळी शिक्क्यानिशी देऊन झाली होती. आता तोंडानं म्हटली असती तर ती त्या माफीचीच नक्कल वाटली असती. त्यानं झाकण रिकामं करून तिला परत दिलं. "चांगलं होतं," तो म्हणाला.

दुपारची प्रकरणं सावकाश चालली. खिडकीतलं ऊन बाकांवरून सरकत पुढे गेलं. तो ऐकत होता आणि नव्हताही. एक म्हातारा वकील तेच तेच बोलत होता, त्याच्या अंगरख्याला कोपराशी ठिगळ होतं. सगळी माणसं कशाची तरी वाट बघत बसली होती, आणि वाट बघणाऱ्यांचा म्हणून एक वास असतो, घाम, कागद आणि सुकलेल्या तोंडाचा, तो त्याला आज पहिल्यांदा आला. त्याच्या ऑफिसबाहेरच्या बाकालाही तो असणार. तो रोज त्यातून केबिनमध्ये जात होता आणि दार लावत होता.

उन्हं कलल्यावर बाहेर व्हरांड्यात गलबला झाला. कुणी तरी म्हणालं, "पाणी आणा," दुसरं म्हणालं, "बाजूला व्हा, हवा येऊ द्या," आणि त्या सगळ्याच्या खाली त्याला एक आवाज ऐकू आला. बारीक शीळ घातल्यासारखा. हा आवाज त्यानं कुठेही ओळखला असता. शेजारी ती ताडकन उठली आणि दाराबाहेर गेली. तोही उठला. आपल्याला उठायचं नाही, हे त्याला आठवलं ते दाराबाहेर तीन पावलं गेल्यावर.

लिफ्ट बंद होती. शाळेच्या गणवेशातली मुलगी तीन जिने चढून आली होती. जिन्याच्या तोंडाशी भिंतीला टेकून बसली होती, खांदे वर खेचलेले, गळ्याच्या खळगीत कातडी आत-बाहेर होणारी. तिच्यासमोर एक जाडजूड, पिकल्या केसांची बाई जमिनीवर फतकल मारून बसली होती. ती घाबरलेली नव्हती. तिनं मुलीचं डोकं आपल्या छातीशी घेतलं, पाठीवरून हात फिरवत स्वतःच मोठ्यांदा श्वास सोडला, फूऽऽ, पुन्हा फूऽऽ, मुलगी तिच्याबरोबर सोडायला लागली तेव्हा कुठे पंप तोंडाला लावला. एकदा. मग थांबून पुन्हा. नर्स दोन हातांच्या अंतरावर उभी होती. तिचे हात पुढे आले होते आणि तसेच हवेत राहिले होते. त्याचेही तसेच, हे त्याच्या ध्यानात आलं. दोघं शिकलेसवरलेले, आणि दोघांपैकी कुणाचीच गरज नव्हती. मुलीनं डोळे उघडून आईकडे पाहिलं, ओळखीचं हसली, आणि पुन्हा मावशीच्या खांद्यात तोंड खुपसलं.

"साहेब!" पट्टेवाला दारातून दबक्या आवाजात ओरडला. "आत! बाई विचारतायत."

तो आत गेला. सगळं कोर्ट त्याच्याकडे बघत होतं.

"कुठे गेला होतात?"

"बाहेर एका मुलीला धाप लागली होती. मी डॉक्टर आहे, मॅडम."

"विचारावंसं वाटलं नाही?"

"नाही, मॅडम. विचारायचं राहिलं."

न्यायमूर्तीबाईंनी त्याच्याकडे जरा वेळ पाहिलं. "कशी आहे ती?"

"बरी आहे. मी काही केलं नाही. माझी गरज लागली नाही."

"बसा," बाई म्हणाल्या. सकाळपेक्षा हळू.

कोर्ट उठलं तेव्हा दिवे लागले होते. बाई मागच्या दारानं गेल्या, माणसं पांगली, पट्टेवाल्यानं त्याला मान लववून "या, साहेब" म्हटलं, जणू तो भेटीला आला होता. व्हरांड्यात ती जाडजूड बाई एकटीच बाकावर बसली होती, शाळेचं दप्तर मांडीवर धरून. नर्स निकालाची नक्कल घ्यायला खालच्याच मजल्यावरच्या खिडकीशी गेली होती, आणि मुलीला बरोबर घेऊन गेली होती. मुद्दाम नेली असावी. त्याचे पाय तिथेच रेंगाळले.

"आता बरी आहे ना?" त्यानं विचारलं.

"चढ चढली की होतं. म्हटलं होतं मी, येत नाही. धाकटी म्हणाली, आण तिला, आजचा दिवस तिनं बघायला हवा." तिनं त्याच्याकडे वर पाहिलं. "तुम्ही वकील का?"

तो काही बोलण्याआधीच ती पुढे म्हणाली, कारण तिला कुणाशी तरी बोलायचंच होतं, आणि परका माणूस बरा असतो. "सगळे म्हणतात, आनंदाची गोष्ट झाली. आहेच. पोरीची आई आली. मी काय, सांभाळायला घेतलेली. पण खरं सांगू का, दादा? दर वेळी धाकटीचा फोन यायचा, की ताई, अजून आदेश नाही निघाला, मी तोंडानं अरेरे म्हणायची. आणि फोन ठेवून पोरीला कुशीत घ्यायची. तो कोण साहेब आहे कागद दाबून बसलेला, धाकटी त्याला शिव्या देते. मी मनातल्या मनात म्हणायची, बाबा, तुझं भलं होवो." तिनं दप्तराचा पट्टा बोटाला गुंडाळला. "पाप लागेल मला."

 मान हलवून जिना उतरता आलं असतं. "तो साहेब मीच," तो म्हणाला.

ती बघत राहिली. आधी तिला पटलं नसावं. मग निळ्या शर्टावरून, कॉलरवरून, तोंडावरून तिची नजर फिरली. ती चिडली नाही, लाजलीही नाही.

"मग अजून थोडे दिवस थांबला असतात," ती म्हणाली, "तर तुमचं काय बिघडलं असतं?"

 एका बाईचं आईपण आपण हलगर्जीपणानं काढून घेतलं, आणि दुसरीला तितक्याच हलगर्जीपणानं देऊन काल संध्याकाळी कोमट चहाबरोबर परत घेतलं. दोन्ही वेळा आपल्याला हे ठाऊकच नव्हतं. तो तिच्या शेजारी बसला. 

जिन्यावर पावलं वाजली. मुलगी पुढे, प्रत्येक पायरीवर थांबत, मोजून श्वास सोडत. मागे नर्स, हातात नक्कल. त्याला बाकावर पाहून ती थबकली. "साहेब, हजर कधी होऊ?"

त्याला शेजारच्या बाईचा श्वास थांबलेला कळला. एक आठवडा म्हणता आलं असतं. महिनाही. अर्ज द्या म्हणता आलं असतं, आणि दोघींपैकी कुणाचं तरी भलं झालं असतं.

"उद्या," तो म्हणाला. "सकाळी या. मी स्वतः असेन." आणि मग, बहिणीकडे न बघता, "क्वार्टर मिळायला वेळ लागेल. तोवर राहायचं कुठे, ते तुमचं तुम्ही ठरवा."

"ताईकडेच," नर्स म्हणाली. ती बहिणीकडे बघत होती. "म्हणजे, ताई ठेवून घेत असली तर. नंतरही."

 मोठीनं मुलीला जवळ ओढून तिचं वरचं बटण लावलं. मग कमरेच्या खिशातून पंप काढला, धाकटीच्या हातात दिला, आणि तिची बोटं त्यावर मिटली. "हा तुझ्याजवळ ठेव. पिशवीत तळाशी नको, हाताला लागला पाहिजे."

"माहीत आहे गं, ताई. नर्स आहे मी."

"ते असू दे. ऐक. आधी पंप द्यायचा नाही. ती घाबरलेली असते. आधी जवळ घ्यायचं, आपण श्वास सोडायचा, तिनं सोडला की मग. दोनदा. मध्ये थांबायचं."

"हं," नर्स म्हणाली.

चार्ज देणं-घेणं त्यानं आयुष्यभर केलं होतं. एका सहीचं काम. तो उठला आणि जिना उतरायला लागला. वरून तो आवाज येतच होता, न थांबता, जसजसं आठवेल तसतसं. "आणि उशी उंच लागते. पहाटे खोकते, पण ते नुसतं खोकणं असतं, लगेच उठवू नकोस. अंधारात झोपत नाही. नखं कापायची तर झोपेत कापायची..." मधूनमधून धाकटीचं "हं" ऐकू येत होतं, दर वेळी जरा लहान होत गेलेलं, वर्गात नव्यानं बसलेल्या मुलीसारखं.